संरक्षणात्मक अभिरक्षा

संरक्षणात्मक अभिरक्षा : मानवी व्यापारास बळी पडलेल्या व्यक्तीची कुंटणखान्यातून सुटका केल्यानंतर तिची सुरक्षितता व पुनर्वसन यांसाठी तिला दंडाधिकाऱ्याच्या आदेशाने संरक्षणगृहात ठेवण्याची कायदेशीर व्यवस्था. ही शिक्षा नव्हे; तथापि अशा गृहातून स्वेच्छेने बाहेर पडता येत नसल्यामुळे व्यवहारात ती बंदिवासाच्या जवळ जाते. बळी पडलेली व्यक्ती अज्ञान असल्यास राज्याने पालकाची भूमिका घ्यावी, याविषयी दुमत नाही. सज्ञान स्त्रीला मात्र तिच्या इच्छेविरुद्ध किती काळ व कोणत्या आधारावर संरक्षण देता येईल, हा भारतीय विधिव्यवस्थेपुढील जुना व अद्याप न सुटलेला प्रश्न होय.

इतिहास : वेश्याव्यवसायातील स्त्रियांना अडकवून ठेवण्याचा अधिकार ब्रिटिश अमदानीत प्रथम संरक्षणाच्या नव्हे, तर आरोग्याच्या नावाखाली आला. १८६८ च्या सांसर्गिक रोग अधिनियमान्वये त्यांची नोंदणी व सक्तीची वैद्यकीय तपासणी होई आणि रोगी ठरलेल्या स्त्रीस रुग्णालयात डांबण्यात येई. सैनिकांचे आरोग्य राखणे हा त्यामागील प्रमुख हेतू होता. प्रखर विरोधानंतर हा कायदा १८८८ मध्ये रद्द झाला. विसाव्या शतकात कायद्याचा रोख स्त्रीकडून तिच्या शोषणकर्त्याकडे वळू लागला. मुंबई इलाख्यातील १९२३ चा वेश्याव्यवसाय प्रतिबंधक अधिनियम हे त्याचे एक उदाहरण होय.

स्वातंत्र्यानंतर संविधानाच्या तेविसाव्या अनुच्छेदाने मानवी व्यापारास मनाई केली. संयुक्त राष्ट्रांच्या १९४९ च्या करारावर भारताने १९५० मध्ये स्वाक्षरी केली आणि त्यास अनुसरून १९५६ मध्ये स्त्रिया व मुली यांच्या अनैतिक व्यापारास आळा घालणारा केंद्रीय अधिनियम संमत झाला. १९८६ च्या दुरुस्तीने त्यास अनैतिक व्यापार (प्रतिबंध) अधिनियम हे नाव मिळाले. मूळ कायद्यातील सुटकेची तरतूद एकवीस वर्षांखालील मुलींपुरती होती; पुढील दुरुस्त्यांनी तेथे ‘व्यक्ती’ हा व्यापक शब्द आला व सज्ञान स्त्रियाही तिच्या कक्षेत आल्या.

कायद्याची कार्यपद्धती : या अधिनियमाच्या सतराव्या कलमानुसार सुटका केलेल्या व्यक्तीस दंडाधिकाऱ्यापुढे हजर केले जाते. तो तिचे म्हणणे ऐकून चौकशीचा आदेश देतो. मिळालेली माहिती खरी आहे काय, तिचे वय, चारित्र्य व पूर्वायुष्य, तसेच तिचे आईवडील, पालक किंवा पती तिचा ताबा घेण्यास योग्य आहेत काय, हे चौकशीचे विषय होत. या कामी पाच प्रतिष्ठित व्यक्तींचे साहाय्य घेता येते. त्यांत शक्यतो तीन स्त्रिया असाव्यात, असा निर्देश आहे. चौकशीच्या काळातील अभिरक्षा तीन आठवड्यांहून अधिक असू नये, असे बंधन आहे. त्या व्यक्तीस काळजी व संरक्षण यांची गरज असल्याची खात्री पटल्यास तिला एक ते तीन वर्षे संरक्षणगृहात ठेवता येते.

या रचनेतील उणीव उघड आहे. कायदा तिला बोलण्याची संधी देतो. परंतु तिच्या नकारास निर्णायक महत्त्व देत नाही. सज्ञान स्त्रीविषयीही ती कोणाच्या ताब्यात द्यावी, असाच प्रश्न विचारला जातो. परिणामी कोणताही अपराध न केलेली स्त्री गुन्हेगाराहून अधिक काळ कोंडून राहण्याची शक्यता निर्माण होते.

न्यायालयीन भूमिका : संरक्षणगृहांची स्थिती सर्वोच्च न्यायालयापुढे ठळकपणे आली ती आग्रा येथील गृहाच्या प्रकरणात. उपेंद्र बक्षी व लोतिका सरकार या विधी-प्राध्यापकांनी १९८१ मध्ये तेथील अमानुष परिस्थितीविषयी पाठविलेले पत्र न्यायालयाने याचिका म्हणून दाखल करून घेतले. जिल्हा न्यायाधीशांनी या गृहाची नियमित पाहणी करावी, असा आदेश देण्यात आला. संरक्षणाच्या नावाखाली ठेवलेल्या स्त्रीलाही एकविसाव्या अनुच्छेदाप्रमाणे प्रतिष्ठेने जगण्याचा हक्क आहे, हे तत्त्व यातून पुढे आले.

अभिरक्षेच्या मुळाशीच हात घालणारा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२० मध्ये दिला. मुंबईत २०१९ साली सुटका केलेल्या तीन तरुणींना त्यांच्या मातांकडे सोपविण्यास नकार देऊन दंडाधिकाऱ्याने एक वर्ष वसतिगृहात ठेवण्याचा आदेश दिला होता व सत्र न्यायालयाने तो कायम केला होता. उच्च न्यायालयाने दोन्ही आदेश रद्द केले. वेश्याव्यवसाय हा स्वतः या अधिनियमाखाली अपराध नाही. या स्त्रिया सज्ञान असल्याने कोठे राहावे व कोठे जावे हे ठरविण्याचा त्यांना मूलभूत हक्क आहे आणि अभिरक्षेपूर्वी त्यांची इच्छा विचारात घेणे आवश्यक होते, असे न्यायालयाने म्हटले. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राज्यांना सर्व संरक्षणगृहांची पाहणी करून इच्छेविरुद्ध ठेवलेल्या सज्ञान स्त्रियांच्या प्रकरणांचा फेरविचार करण्याचे व मुदतीत त्यांच्या सुटकेची कार्यवाही करण्याचे निर्देश दिले.

समतोलाचा प्रश्न : सक्तीच्या अभिरक्षेस पाठिंबा देणाऱ्यांचा युक्तिवाद निराधार नाही. कर्ज, मारहाण व घरच्यांना इजा करण्याची धमकी यांखाली दबलेल्या स्त्रीचे पहिल्या दिवसाचे ‘मला जाऊ द्या’ हे शब्द तिचे स्वतःचेच असतील असे नाही. दलाल किंवा कुंटणखान्याची मालकीण नातेवाईक म्हणून न्यायालयात उभी राहते आणि वकीलही तीच देते, असेही घडते. अशा वेळी तत्काळ मुक्तता म्हणजे तिला पुन्हा त्याच हातांत सोपविणे ठरू शकते. दुसऱ्या बाजूने, दबावाचा संशय हाच पुरेसा आधार मानला, तर कोणत्याही स्त्रीचा नकार कधीच खरा मानला जाणार नाही. लोकसभेने जुलै २०१८ मध्ये संमत केलेल्या व पुढे व्यपगत झालेल्या मानवी व्यापारविषयक विधेयकात हाच पेच दिसतो. त्यात सज्ञान व्यक्तीस प्रतिज्ञापत्रासह सुटकेचा अर्ज करण्याची मुभा होती. मात्र तो अर्ज स्वेच्छेने केलेला नाही असे वाटल्यास दंडाधिकाऱ्यास तो फेटाळता येत होता.

म्हणून समतोल हा अभिरक्षा असावी की नसावी यापेक्षा तिच्या मर्यादांवर अवलंबून राहतो. अल्प व निश्चित मुदत, दलालापासून दूर एकांतात घेतलेला जबाब, स्वतंत्र विधिसाहाय्य आणि ठरावीक काळाने न्यायालयीन फेरतपासणी ही त्याची आवश्यक अंगे होत. या सर्वांनंतरही सज्ञान स्त्री जाण्याचाच आग्रह धरत असेल, तर तिला जाऊ देणे आणि पुढे तिने मागितल्यास साहाय्य देणे, हेच संविधानाशी सुसंगत ठरते. संरक्षणगृहाचे दार बाहेरून येणाऱ्या शोषणकर्त्यास बंद असावे. आत असलेल्या स्त्रीस नव्हे.