कोण आहेत मॅथ्यू झिया? डीजेच्या टेबलापासून नाटकाच्या दिग्दर्शनापर्यंतचा प्रवास

लग्नाची वरात असो की गणपती विसर्जन, आपल्याकडं ‘डीजे’ म्हटलं की टेम्पोवर रचलेली स्पीकरची भिंतच डोळ्यासमोर येते. पण मुळात डीजे म्हणजे डिस्क जॉकी. म्हणजे गाणी निवडून, एकात एक मिसळून वाजवणारा माणूस. असाच एक डीजे आज इंग्लंडमध्ये नाट्यदिग्दर्शक म्हणून नावाजला जातो. त्यांचं नाव मॅथ्यू झिया. डीजे म्हणून ते ‘एक्सकॅलिबा’ या नावानं ओळखले जातात.

सुरुवात कुठून झाली?

लंडनच्या पूर्वेला स्ट्रॅटफर्ड नावाचा भाग आहे. रेल्वेच्या कारखान्यांमुळं वाढलेली ही कामगारांची वस्ती. इथं 1884 साली उघडलेलं ‘थिएटर रॉयल स्ट्रॅटफर्ड ईस्ट’ हे नाट्यगृह आहे. 1953 मध्ये जोन लिटलवुड या दिग्दर्शिका आपली मंडळी घेऊन इथं आल्या आणि साध्या माणसांची नाटकं इथं होऊ लागली. याच नाट्यगृहाच्या युवा नाट्यशाखेतून झिया पुढं आले. म्हणजे आधी डीजे आणि मग अचानक नाटक, असं झालेलं नाही. नाटक आणि संगीत दोन्ही सुरुवातीपासून सोबतच होतं.

2002 मध्ये बीबीसीनं ‘1एक्स्ट्रा’ हे रेडिओ केंद्र सुरू केलं. हिपहॉप, आर अँड बी असं कृष्णवर्णीय कलाकारांचं संगीत वाजवण्यासाठी हे केंद्र होतं. तिथल्या सुरुवातीच्या डीजेंमध्ये एक्सकॅलिबा होते.

शेक्सपिअरची गोष्ट, हिपहॉपचा ठेका

शेक्सपिअरचं ‘कॉमेडी ऑफ एरर्स’ हे नाटक आपल्याला वेगळ्या वाटेनं माहीत आहे. संजीव कुमारचा ‘अंगूर’ हा 1982 चा सिनेमा त्यावरच बेतलेला. मालकाची जुळी, नोकराची जुळी आणि सगळा घोळ! याच गोष्टीवर अमेरिकेत 1938 साली ‘द बॉइज फ्रॉम सिरॅक्यूज’ हे संगीत नाटक आलं होतं. 2003 मध्ये स्ट्रॅटफर्ड ईस्टनं त्याचं हिपहॉप रूप ‘दा बॉइज’ या नावानं रंगभूमीवर आणलं. त्याच्या संगीताची नव्यानं बांधणी एक्सकॅलिबा आणि एमसी स्कोला या जोडीनं केली.

पुढं 2012 मध्ये लंडनला दिव्यांग खेळाडूंची पॅरालिम्पिक स्पर्धा झाली. तिच्या उद्घाटन सोहळ्यात डीजे म्हणून एक्सकॅलिबाच होते. ते स्टेडियम त्याच स्ट्रॅटफर्डमध्ये. ज्या भागात नाटक शिकले, त्याच भागात त्यांनी जगभरच्या खेळाडूंसमोर संगीत वाजवलं.

दिग्दर्शक म्हणून ओळख

2013 मध्ये त्यांना ‘जेनेसिस फ्यूचर डिरेक्टर्स अवॉर्ड’ मिळाला. नव्या दिग्दर्शकाला लंडनच्या ‘यंग विक’ नाट्यगृहात नाटक बसवायची संधी देणारा हा पुरस्कार आहे. त्यांनी निवडलं ‘सिझवे बान्झी इज डेड’. 1972 सालचं हे नाटक दक्षिण आफ्रिकेतलं आहे. तिथं वर्णभेदाच्या काळात काळ्या माणसाला पासबुक जवळ बाळगावं लागायचं. त्यात शिक्का नसेल तर शहरात राहता येत नसे, कामही मिळत नसे. नाटकातला माणूस पोट भरण्यासाठी एका मेलेल्या माणसाचं पासबुक घेतो. पण त्या बदल्यात त्याला स्वतःचं नाव सोडावं लागतं.

2016 मध्ये यंग विकलाच त्यांनी जो पेनहॉल यांचं ‘ब्लू/ऑरेंज’ बसवलं. मनोरुग्णालयातल्या एका कृष्णवर्णीय तरुणाला घरी सोडायचं की ठेवायचं, यावर दोन गोरे डॉक्टर वाद घालतात. पण त्या वादात पेशंटचं ऐकतं कोण, हा नाटकाचा खरा प्रश्न. पेशंटची भूमिका डॅनियल कलुया यांनी केली होती. त्यांना पुढं 2021 मध्ये ऑस्कर मिळाला.

कापसाच्या बाजारातलं नाट्यगृह

मँचेस्टरच्या ‘रॉयल एक्सचेंज’ नाट्यगृहात झिया सहयोगी कलासंचालक होते. ही इमारत म्हणजे एके काळचा कापसाचा बाजार. 1861 ते 1865 या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस अडला आणि मँचेस्टरच्या आसपासच्या गिरण्यांनी हिंदुस्थानी कापसाकडं मोर्चा वळवला. त्यात आपल्या वऱ्हाडचा कापूसही होता. इथले व्यवहार 1968 मध्ये बंद झाले. शेवटच्या दिवसाचे भाव आजही तिथल्या फलकावर तसेच आहेत. 1976 पासून त्याच हॉलमध्ये नाटकं होतात. रंगमंच मधोमध आणि प्रेक्षक चारी बाजूंनी.

इथं त्यांनी कॅथरीन सोपर यांचं ‘विश लिस्ट’ बसवलं. ऑनलाइन मागवलेला माल पॅक करणाऱ्या गोदामातली एक तरुण मुलगी. कामाच्या तासांची हमी नाही, पण किती नग पॅक केले याची मोजणी सतत चालू. घरी आजारी भाऊ, त्याची सरकारी मदतही थांबलेली. गाव सोडून गोदामात पॅकिंगला जाणाऱ्या पोरांना ही गोष्ट परकी वाटणार नाही.

गावोगाव फिरणारी कंपनी

2018 मध्ये झिया ‘ॲक्टर्स टूरिंग कंपनी’चे कलासंचालक झाले. नावाप्रमाणेच ही फिरती नाटक मंडळी आहे. त्यांच्या काळात कंपनीनं ‘फॅमिली ट्री’ हे मोजिसोला अडेबायो यांचं नाटक केलं. त्यातली हेन्रिएटा लॅक्स ही खरीखुरी बाई. 1951 मध्ये अमेरिकेत कॅन्सरच्या उपचारावेळी डॉक्टरांनी तिच्या पेशी तिला न विचारता घेतल्या. त्या पेशी प्रयोगशाळेत वाढतच राहिल्या आणि पोलिओच्या लशीपासून पुढं कितीतरी संशोधनाला कामी आल्या. पण तिच्या घरच्यांना वर्षानुवर्षं याचा पत्ताही नव्हता.

2023 मध्ये डेव्ह हॅरिस यांचं ‘टँबो अँड बोन्स’ स्ट्रॅटफर्ड ईस्टला आलं. त्याचा मधला भाग म्हणजे चक्क हिपहॉपचा जलसा. इथं डीजे आणि दिग्दर्शक एकाच नाटकात कामाला आले.

दोन्ही कामांत साम्य काय?

एक गाणं लोक ऐकत असतात तेव्हा डीजे हेडफोनमध्ये पुढचं गाणं ऐकत असतो. दोघांचा ठेका जुळला की मगच दुसरं आत सोडतो. समोरची माणसं थकलीत की रंगात आलीत, हे पाहून वेग कमी-जास्त करतो. नाटकातही तेच. एक प्रवेश कुठं संपवायचा, दुसरा कधी सुरू करायचा, कुठं गप्प राहायचं, हे दिग्दर्शक ठरवतो. आवाज मोठा ठेवणं सोपं; कधी कमी करायचा हे कळायला कान लागतो.

थोडक्यात

• नाव: मॅथ्यू झिया, डीजे नाव एक्सकॅलिबा
• काम: नाट्यदिग्दर्शक, संगीतकार, डीजे
• पहिली शाळा: थिएटर रॉयल स्ट्रॅटफर्ड ईस्ट, लंडन
• गाजलेली नाटकं: सिझवे बान्झी इज डेड, ब्लू/ऑरेंज, विश लिस्ट, फॅमिली ट्री, टँबो अँड बोन्स