सहा दिवसांचा खाडा

साहेबांना मी आजवर निदान चारशे वेळा तोंडावर खडसावलं आहे. स्थळ नेहमीचंच, करी रोडची लोकल. भायखळ्याला माझा आवाज चढतो, मशीद बंदराला साहेब पाणी मागतात आणि व्हीटीला उतरून मी यंत्रावर अंगठा टेकवायला धावतो.

परवा गौरीच्या रजेचा अर्ज नामंजूर होऊन आला. जेवणाच्या सुट्टीत पाय हायकोर्टाकडे वळले. फिर्यादीसाठी नव्हे हो! इथेच जुलै १९०८मध्ये टिळकांवर ‘केसरी’तल्या लेखांबद्दल राजद्रोहाचा खटला चालला. न्यायासनावर दावर. हेच दावर १८९७च्या खटल्यात टिळकांच्या जामिनासाठी झगडलेले वकील! आपला माणूस खुर्चीत बसला की काय होतं, हे आम्हां बँकवाल्यांना कुणी सांगायला नको. टिळक स्वतःच्या बचावासाठी एकवीस तास बोलले. माझी मजल ‘साहेब, जरा...’च्या पुढे जात नाही. ज्यूरीत सात युरोपियन, दोन पारशी. कौल सात विरुद्ध दोन. २२ जुलैच्या रात्री सहा वर्षं हद्दपारी आणि हजार रुपये दंड. त्यावर टिळक जे बोलले, त्याची पाटी १९५६ साली छागलांच्या हस्ते याच कोर्टात लागली.

पण टिळक झाले टिळक. त्यांच्याशी आपली बरोबरी कशाला? मला खजील करतात ती आमच्या लालबाग-परळची माणसं. त्यांतल्या कितीकांना ‘केसरी’ वाचताही येत नव्हता. त्यांनी वर्षाला एक दिवस या हिशेबाने सहा दिवस गिरण्या बंद पाडल्या. लष्कर आलं, गोळीबार झाला, माणसं मेली.

माझे पणजोबा तेव्हा साच्यावर होते. आजी सांगायची, “सहा दिवसांचा खाडा पडला, वाण्याने उधारी तोडली. सासूबाई महिनाभर मामंजींशी बोलल्या नाहीत.”

“पण पणजोबा साहेबाला काय म्हणाले?” मी लहानपणी विचारायचो. मला भाषण हवं असे.

“म्हणणार काय? गेलेच नाहीत.”

बी.कॉम. असल्यामुळे मी सहा दिवसांचा खाडा माझ्या पगारात किती बसेल ते पाकिटाच्या मागे मांडून पाहिलं. त्यातून घराचा हप्ता वजा केला. मग टेबलाशी येऊन रजेचा अर्ज पुन्हा लिहिला. या खेपेस ‘कृपया’ एकदाच घातलं.