प्रदान जमिनीच्या ताब्याचे वाद

शासनाने भूमिहीन, माजी सैनिक, प्रकल्पग्रस्त इत्यादींना लागवडीसाठी दिलेल्या जमिनीचा कब्जा कोणाचा, यावरून होणाऱ्या तंट्यांना प्रदान जमिनीच्या ताब्याचे वाद म्हणतात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ नुसार अशी जमीन सामान्यतः भोगवटादार वर्ग-२ या धारणाप्रकारात मोडते. जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून ती विकता येत नाही. कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणाऱ्या १९५८ च्या कायद्याने पुनर्प्रदान झालेल्या महार वतन जमिनींनाही असेच बंधन आहे.

वादाचे मूळ बहुधा या बंधनातच सापडते. अडचणीतला धारक साध्या कागदावर जमीन दुसऱ्याच्या हवाली करतो. पुढे सातबाऱ्यावर नाव एकाचे आणि वहिवाट दुसऱ्याची, अशी स्थिती वर्षानुवर्षे राहते. सातबाऱ्यावरील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते, परंतु तिने मालकी निर्माण होत नाही.

बेकायदा हुसकावलेल्या शेतकऱ्यास मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ अन्वये सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे दावा करता येतो. तेथे मालकी नव्हे, केवळ ताबा तपासतात. या निर्णयावर अपील नाही, पुनरीक्षण मात्र आहे. विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खालील दिवाणी दाव्यासही सहा महिन्यांचीच मुदत असून तो शासनाविरुद्ध चालत नाही.

सांगली जिल्ह्यातील मिरज येथे तहसील कार्यालय व दिवाणी न्यायालय दोन्ही आहेत. उच्च न्यायालयातील दाद मागण्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथे खंडपीठाचे कामकाज सुरू झाले आहे.