बर्लिन – एके शोनहाउसर

पूर्व जर्मनीतील कृष्णधवल चित्रपट (१९५७). दिग्दर्शक गेरहार्ट क्लाइन (१९२०–७०), पटकथाकार वोल्फगांग कोलहाझ (१९३१–२०२२). निर्मिती डेफा या सरकारी चित्रसंस्थेची. दुभंगलेल्या बर्लिनमधील तरुणांचे हे अत्यंत सहृदय चित्रण आहे. ‘अलार्म इम त्सिर्कुस’ (१९५४) आणि ‘आइने बर्लिनर रोमान्झ’ (१९५६) यांनंतरचा या जोडीचा हा तिसरा बर्लिनपट.

बर्लिनची भिंत १९६१ मध्ये उभी राहिली. त्याआधी शहरात राजवटी दोन आणि चलनेही दोन असली, तरी पूर्वेकडचा माणूस रेल्वेने पश्चिमेत जाऊ शकत असे. चित्रपटातील मुले शोनहाउसर आले या रस्त्यावर, उंचावरून जाणाऱ्या शहरी रेल्वेच्या पुलाखाली जमतात. बांधकाम मजूर डीटरचे आईवडील हयात नाहीत. तो पोलिसात असलेल्या भावाकडे राहतो. आंगेलाच्या विधवा आईकडे तिचा विवाहित प्रियकर आला की मुलीला रस्त्यावर वेळ काढावा लागतो. कोले सावत्र वडिलांचा मार खातो, तर कार्ल-हाइन्झ सुखवस्तू घरातला असूनही गुन्हेगारीकडे वळतो. एका झटापटीत तो आपल्या हातून मेला, अशा समजुतीने डीटर व कोले पश्चिमेला पळतात. तिथल्या निर्वासित छावणीतून आपल्याला विमानाने पश्चिम जर्मनीत धाडतील आणि डीटरपासून तोडतील, या भीतीने कोले ताप आणण्यासाठी कॉफीत तंबाखू मिसळून पितो आणि मरतो. डीटर परततो. आंगेलाला त्याच्यापासून दिवस गेलेले असतात.

इटालियन नववास्तववादाचा प्रभाव चित्रपटावर स्पष्ट आहे. गाड्यांची खडखड, वस्तीतली अंगणे, जिने, नाचाची जागा आणि नाक्यावरचे रेंगाळणे यांतून मुलांची घुसमट उमगत जाते. डीटरच्या भूमिकेत बर्लिनर आंसांबल या नाट्यसंस्थेतील नट एकेहार्ट शाल आहेत.

चित्रपटाचा कल समाजवादी राजवटीकडे आहे आणि पश्चिमेचे चित्र काळोखे आहे. तरीही पूर्वेकडच्या घरांतील मायेचा दुष्काळ तो लपवत नाही. मुले बिघडण्याचा सारा दोष शत्रूवर टाकून तो मोकळा होत नाही, हेच त्याचे मोठेपण. अधिकाऱ्यांना नेमके हेच खटकले. प्रेक्षकांनी मात्र चित्रपट उचलून धरला. याच जोडीचा ‘बर्लिन उम डी एके’ १९६५ नंतर दडपला गेला आणि पूर्व जर्मनीच्या अखेरीपर्यंत रीतसर प्रदर्शित होऊ शकला नाही.