केसाळ कोळ्याची दहशत

जयपुरात उन्हाळ्याच्या रात्री अंगणातल्या दिव्याखाली एखादा पिवळट, केसाळ, लांब पायांचा जीव भरधाव धावत येतो आणि घरात एकच गलका उडतो. पूर्वी नुसते ‘मोठी मकडी’ म्हणून ओरडत. आता मोबाइलच्या कृपेने ‘टॅरँटुला’ हा शब्द पोराटोरांच्याही तोंडी आहे. पण हा प्राणी बहुधा कोळी नसतोच. तो गॅलिओडिस वंशातला, कोळ्याचा आणि विंचवाचा दूरचा भाऊबंद. इंग्रजीत त्याला ‘उंट-कोळी’ म्हणतात. जबडे दणकट, धाव विलक्षण, पण विषग्रंथी नाहीत. १९७८ साली त्याच्या गणातल्या एका भारतीय जातीत विषग्रंथी सापडल्याचा दावा झाला होता. पुढे तो कोणालाही पडताळून दाखवता आला नाही. चपलेखाली मात्र तो अजूनही टॅरँटुला म्हणूनच मरतो.

खरे टॅरँटुला भारतात आहेत आणि त्यांच्याविषयी पुढे लिहितोच. पण आधी भीतीकडे पाहायला हवे, कारण ती त्यांच्या शास्त्रीय नावांहून फार जुनी आहे. सुश्रुतसंहितेच्या कल्पस्थानात कोळ्यांना ‘लूता’ म्हटले आहे. त्यांची जन्मकथा अशी : विश्वामित्रामुळे वसिष्ठ कोपले, त्यांच्या कपाळावरचा घाम कापलेल्या गवतावर पडला आणि त्यातून लूता उपजल्या. ‘लून’ म्हणजे कापलेले, म्हणून लूता. त्यांचे सोळा प्रकार सांगितले आहेत : आठ कष्टसाध्य, आठ असाध्य. अतितीव्र विष सात रात्रींत मारते, असेही म्हटले आहे. विष कशातून येते? लाळ, नख, दाढ, मूत्र, विष्ठा, रज आणि शुक्र. थोडक्यात, कोळ्यापाशी बिनविषारी असे काही नाहीच. एका प्रकाराचे तर नावच ‘मूत्रविषा’.

ती मूत्रविषा अजून जिवंत आहे. जयपुराकडे अंगावर पाण्याने भरलेले फोड उठले की ‘मकडी मूत गई’ म्हणतात, आणि कोळी अंगावरून गेल्याने फोड येतात हा समज मराठी घरांतही आहे. त्वचारोगतज्ज्ञ अशा फोडांमध्ये बऱ्याचदा नागीण ओळखतात, नाहीतर पीडेरस नावाच्या बारीक भुंगेऱ्याचा रस लागून उठलेले चट्टे. कोळ्याला वेगळे मूत्र नसतेही. तो जे टाकतो त्यात बराचसा भाग ग्वानीन नावाच्या पांढऱ्या पदार्थाचा असतो. तरी सुश्रुतातली एक उपमा मला मार्मिक वाटते. लूताविषाचे पहिले लक्षण कोवळ्या कोंबासारखे असते, कोंबावरून झाड कोणते ते ओळखता येत नाही. म्हणजे चावले काय हे कळत नाही, ही अडचण त्या वैद्यांना ठाऊक होती.

‘टॅरँटुला’ हा शब्द तिकडे इटलीत जन्मला, तोही अशाच गोंधळातून. दक्षिण इटलीत तारांतो नावाचे बंदर आहे. त्या मुलखात शतकानुशतके अशी समजूत होती की कापणीच्या दिवसांत शेतात कोळी चावला की माणूस सुन्न होतो, रडतो, आणि नाचल्याशिवाय बरा होत नाही. वाजंत्री बोलवायचे, वेगवेगळ्या चाली वाजवून पाहायच्या. जिच्यावर पाय थरथरतील ती त्या कोळ्याची चाल. एर्नेस्तो दे मार्तिनो हा इटालियन अभ्यासक १९५९ साली मानसोपचारतज्ज्ञ आणि संगीताचे जाणकार बरोबर घेऊन तिथे गेला. त्याला आढळले की नाचणाऱ्यांत बहुतेक बाया आहेत, आणि हा ‘दंश’ दर जूनमध्ये, संत पॉलच्या सणाच्या सुमारास, पुन्हा उसळतो. आपल्याकडच्या वाचकाला हे समजवायला फार कष्ट नकोत. ‘अंगात येणे’ हा आपला शब्द इथे पुरेसा आहे. ज्या कोळ्यावर आळ होता तो केसाळ असला तरी साधा जमिनीवर शिकार करणारा ‘लांडगा-कोळी’. खरे काही चावत असेलच, तर ती लहानशी, काळी, लाल ठिपक्यांची ‘ब्लॅक विडो’ची बहीण असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. मोठा दिसला म्हणून मोठ्यावर नाव आले. युरोपीय लोक पुढे उष्ण प्रदेशांत पोहोचले, तिथे आणखी मोठे आणि केसाळ कोळी दिसले, आणि ते बदनाम नाव तयारच होते.

भारतातल्या या कोळ्यांची मोजदाद १८९९ साली जोरात झाली. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधले रेजिनाल्ड पोकॉक हे तिथे बसून भारतातून आलेले नमुने तपासत. त्यांच्या नव्या जातींची काही वर्णने आपल्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात आली, आणि १९०० साली ‘फॉना ऑफ ब्रिटिश इंडिया’ मालेत कोळी-विंचवांचा खंड. पश्चिम घाटातल्या बिळात राहणाऱ्या एका कोळ्याला त्यांनी ‘ट्रुक्युलेंटस’ नाव दिले. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ भांडखोर, उग्र. बाटलीतल्या स्पिरिटमध्ये बुडालेल्या नमुन्याचा स्वभाव कसा कळला कोण जाणे. पण एकदा चिकटलेले विशेषण शास्त्रातही निघत नाही. त्याच वर्षी त्यांनी आंध्रातल्या गुत्तीहून आलेल्या एकाच नमुन्यावरून एका निळ्याशार झाडकोळ्याचे वर्णन केले : पोएसिलोथेरिया मेटॅलिका. त्यानंतर शंभरावर वर्षे तो कोणा शास्त्रज्ञाला दिसला नाही. २००१ साली नंद्याल आणि गिद्दलूर यांच्या मधल्या जंगलात तो पुन्हा सापडला. गुत्तीचा नमुना रेल्वेच्या लाकडांतून प्रवास करून आला असावा, असा तर्क आहे. आता त्याची गणना अतिसंकटग्रस्त जातींत होते. परदेशी शौकिनांना हा निळा रंग हवा असतो, म्हणून २०१९ साली त्याच्या अख्ख्या वंशाच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध आले.

मग हे धोकादायक आहेत की नाहीत? सरळ उत्तर असे की दुखवतात, पण टॅरँटुलाच्या विषाने माणूस मेल्याची एकही खात्रीशीर नोंद वैद्यकाच्या साहित्यात नाही. त्यातही पोएसिलोथेरियाला हलके घेऊ नये. त्याच्या दंशानंतर काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी, स्नायूंना जबर गोळे येतात आणि ते अधूनमधून कित्येक दिवस उठत राहतात. अशा माणसाने दवाखान्यात जावे. मांत्रिकाकडे नव्हे.

आणि खरा धोका? तो शेजारीच होता, आकाराने लहान. कोकणातला लाल विंचू बोटाच्या लांबीचा. डॉ. हिंमतराव बावस्कर महाडजवळच्या बिरवाडीच्या सरकारी आरोग्य केंद्रात काम करू लागले, तेव्हा त्याच्या दंशाने फुफ्फुसात पाणी भरून पोरे मरत. बावस्कर रात्र-रात्र रोग्यांच्या उशाशी बसले, रक्तदाब आणि नाडी टिपत राहिले, आणि प्राझोसिन हे रक्तदाबाचे औषध वापरून पाहिले. गंभीर रोग्यांतले मृत्यूचे प्रमाण सुमारे चाळीस टक्क्यांवरून एक टक्क्यावर आले. सापांचे तर विचारूच नका. २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे बारा लाख माणसे गेली असा अंदाज आहे, आणि सर्वाधिक झळ बसलेल्या राज्यांत राजस्थान आहे. तिथे सापासाठी तेजाजीच्या नावाने दोरा बांधतात.

कोळ्याच्या दहशतीचा अलीकडचा सर्वांत मोठा प्रसंग आसामातला. २०१२ च्या मे महिन्यात तिनसुकिया जिल्ह्यात सदियाजवळच्या एका गावात मोठमोठे केसाळ कोळी निघाले, अनेकांना चावले, दोघे दगावले. जगभर बातम्या झळकल्या : विषारी कोळ्यांचा हल्ला. गावकरी रात्री पहारा देऊ लागले, डीडीटी फवारण्याची भाषा झाली. तिथल्या डॉक्टरांनी सांगितलेली गोष्ट मात्र बातम्यांच्या तळाशी राहिली. दंश झालेले लोक आधी मांत्रिकांकडे गेले होते. तिथे दंशाची जागा वस्तऱ्याने चिरून रक्त काढले गेले होते. मृत्यू विषाने झाला, चिरण्यातून झालेल्या संसर्गाने, की आणखी कशाने, हे शवविच्छेदनाने कळले असते. पण दोघांवरही त्याआधीच अंत्यसंस्कार झाले होते. शास्त्रज्ञ गावात पोहोचले, नमुने गोळा झाले, कोणी एका वंशाचे नाव घेतले, कोणी ही नवीनच जात असेल म्हणाले. ज्याच्यावर दोन खुनांचा आरोप होता त्याचे नावही तेव्हा ठरलेले नव्हते.