'बँबी'चें अरण्य आणि त्याचा चित्रकार

चित्रपटांत एखादें अरण्य दिसतें, तेव्हां तें कोणाच्या कुंचल्यांतून उतरलें असेल, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनांत सहसा येत नाहीं. १९४२ सालच्या 'बँबी' या चित्रपटांतील धुकट अरण्याविषयीं मात्र तो विचारण्यासारखा आहे. त्या अरण्याचे कल्पक टायरस वाँग हे होत.

चीनच्या ग्वांगडुंग प्रांतांत १९१० सालीं त्यांचा जन्म झाला. १९२० सालीं ते वडिलांबरोबर अमेरिकेस गेले. १८८२ च्या कायद्यानें चिनी मजुरांस तेथें प्रवेशबंदी होती. म्हणून इतर अनेकांप्रमाणें या पितापुत्रांनींही खोट्या नांवांच्या कागदपत्रांचा आश्रय केला. वडिलांची सुटका लौकर झाली. परंतु लहानग्या मुलास एंजल बेटावर एकट्यालाच अडकवून ठेवण्यांत आलें. आई मायदेशींच राहिली. ती पुन्हा भेटली नाहीं. घरीं शाई घेण्याची ऐपत नव्हती, तेव्हां वडिलांनीं पाण्यांत कुंचला बुडवून वर्तमानपत्रावर अक्षरें गिरवावयास लाविलीं.

लॉस एंजेलिसच्या ओटिस कलाशाळेंत शिष्यवृत्ति मिळवून, झाडलोटीचें काम करीत वाँग यांनीं शिक्षण पुरें केलें. ग्रंथालयांत त्यांनीं सुंग राजवटींतील निसर्गचित्रांचा अभ्यास केला. जें रंगविलें त्याहून जें मोकळें सोडलें तें अधिक बोलतें, हें त्या चित्रांचें मर्म.

१९३८ सालीं ते डिस्नेच्या चित्रशाळेंत दाखल झाले. काम कंटाळवाणें होतें: दोन मुख्य चित्रांमधील हालचालीचीं असंख्य चित्रें काढावयाचीं. त्याच सुमारास 'बँबी'ची तयारी चालली होती. पानन् पान रेखाटलेल्या अरण्यांत पाडस हरवून जाई, ही मोठी अडचण होती. वाँग यांनीं आपण होऊन कांहीं लहान चित्रें काढून दाखविलीं. त्यांत झाडें केवळ सूचित होतीं, धुकें मात्र जिवंत होतें, आणि पाडसावर दृष्टि सहज ठरे. वॉल्ट डिस्ने यांस तीं पसंत पडलीं आणि सबंध चित्रपटाचें रूप त्यांवरून ठरलें.

परंतु १९४१ सालच्या संपानंतर, संपांत भाग घेतला नसतांही, वाँग यांस कामावरून कमी करण्यांत आलें. चित्रपटाच्या नामावलींत पार्श्वभूमि रंगविणाऱ्या अनेकांपैकीं एक एवढेंच त्यांचें स्थान राहिलें.

पुढें वॉर्नर ब्रदर्समध्यें त्यांनीं सुमारें पाव शतक काढिलें. 'रेबेल विदाउट अ कॉज' (१९५५) सारख्या चित्रपटांचीं दृश्यें, चित्रण होण्यापूर्वींच, ते कागदावर उभीं करीत. दिग्दर्शक, नेपथ्यकार व छायाचित्रकार त्यांच्या आधारें काम करीत, आणि काम संपतांच तीं चित्रें विसरलीं जात. १९६८ सालीं ते निवृत्त झाले, आणि उतारवयांत सान्ता मोनिकाच्या समुद्रकिनाऱ्यावर स्वतः बनविलेले पतंग उडवूं लागले.

चिनी लोकांवरील बंदी १९४३ मध्यें उठली व १९४६ मध्यें वाँग अमेरिकेचे नागरिक झाले. डिस्ने संस्थेनें त्यांचा गौरव केला तो २००१ सालीं, म्हणजे 'बँबी'नंतर ५९ वर्षांनीं. २०१६ सालीं, १०६ व्या वर्षीं, त्यांचें निधन झालें. ज्या देशानें दारांतच अडविलें, त्या देशाच्या मुलांना अरण्य कसें दिसावें हें त्यांनींच दाखविलें होतें.