जयघोषाचे रूप आणि इतिहासाचा 'आम्ही' : सॅबटनची वाटचाल

लोकप्रिय गीतप्रकारांकडे वळताना आपली समीक्षा बहुधा दोहोंपैकी एक पवित्रा घेते. एक तर ती त्यांना बाजारपेठेचे उत्पादन ठरवून बाजूस सारते. किंवा त्यांतील 'आशय' तेवढा वेचून घेऊन त्यावर समाजशास्त्रीय भाष्य करते. दोन्ही पवित्र्यांत रूपाचा प्रश्न निसटतो. स्वीडनमधील 'सॅबटन' या बँडची पंचवीस वर्षांची वाटचाल या संदर्भात विचारात घेण्याजोगी आहे. त्याचा आशय घोषितपणे ऐतिहासिक आहे, तर त्याचे रूप इतिहासाच्या बाहेर, कल्पितकथेच्या मुशीत घडलेले आहे. या दोहोंतील ताण हाच या बँडच्या कारकिर्दीचा खरा इतिवृत्तान्त होय, असे प्रस्तुत लेखकाला वाटते.

'पॉवर मेटल' हा हेवी मेटलचा उपप्रकार १९८० च्या दशकात प्रामुख्याने जर्मनीत आकारास आला. 'हॅलोवीन' हा त्याचा ठळक प्रवर्तक. अखंड धावणारा दुहेरी बेस ड्रम, की-बोर्डवर उभा केलेला समूहगानाचा आभास, सहज तोंडी बसणारे आणि मुद्दाम उंच स्वरात बांधलेले धृपद, आणि बरेचदा शेवटच्या आवर्तनात सारा स्वरपट एक पायरी वर चढवण्याची युक्ती, ही त्याची रूपवैशिष्ट्ये. या रूपाला एकच भाव उत्कटपणे व्यक्त करता येतो : जयघोष. तो कोणाच्या विजयाचा, हे रूपाला ठाऊक नसते. या प्रकारातील बहुसंख्य गीतांचे विषय खड्ग, ड्रॅगन आणि अद्भुत राज्ये असे राहिले, ते यामुळेच. कल्पित युद्धात मेलेल्यांचे वारस नसतात. तेथे जयघोष निरुपद्रवी असतो.

सॅबटनची स्थापना १९९९ मध्ये फालून या गावी झाली. सॅबटन म्हणजे सरदाराच्या चिलखतातील पायाचा भाग. गायक योआकिम ब्रोडेन आणि बेस गिटारवादक पेर सुंडस्ट्रॉम हे दोघे तेव्हापासून आजपर्यंत बँडचा कणा आहेत. आरंभीच्या गीतांत इतिहास नव्हता. २००२ मध्ये ध्वनिमुद्रित झालेला 'मेटलायझर' हा संग्रह त्या रूढ वळणाचाच होता आणि तो प्रकाशित होण्यास २००७ साल उजाडले. दरम्यान बँडने 'प्रिमो व्हिक्टोरिया' हा दुसरा संग्रह २००५ मध्ये स्वबळावर पुढे आणला. त्याचे शीर्षकगीत ६ जून १९४४ च्या नॉर्मंडी येथील अवतरणाविषयी आहे. येथून इतिहास हा या बँडचा एकमेव म्हणावा असा विषय झाला.

या गीताचा निवेदक 'आम्ही' आहे. किनाऱ्यावर उतरणारा दोस्त सैनिक बोलतो. १८१४ नंतर एकही युद्ध न लढलेल्या देशातील, विशीतील तरुणांनी हा 'आम्ही' उच्चारावा, यातील विसंगती उघड आहे. पण खरी गुंतागुंत पुढे आहे. इंग्रजी सर्वनाम ऐकणाऱ्याला आत घेते की बाहेर ठेवते, हे सांगत नाही. मराठीला ते सांगावेच लागते. ही गीते मराठीत आणू पाहणाऱ्या भाषांतरकारापुढे पहिल्याच ओळीत प्रश्न उभा राहील : 'आम्ही' की 'आपण'? संहितेपुरते पाहिले तर 'आम्ही' योग्य, कारण बोलणारा १९४४ चा सैनिक आहे. पण हजारोंचा समुदाय ते धृपद एका आवाजात गाऊ लागतो तेव्हा त्याचे 'आपण' होते. ऐकणारा साक्षीदार राहत नाही, सहभागी होतो. इंग्रजी जे झाकून ठेवते ते आपल्या व्याकरणाने असे उघडे पडते, आणि सॅबटनच्या गीतांतील नैतिक प्रश्न नेमका या फटीत राहतो.

पुढील वर्षीच्या 'अटेरो डॉमिनाटस' (२००६) या संग्रहात हा 'आम्ही' बर्लिनच्या वेशीवर उभा असलेला सोव्हिएत सैनिक होतो. 'आम्ही' ही येथे भाड्याची जागा आहे. त्याच वृत्तीने बँड जर्मन बाजूकडे वळतो तेव्हा मात्र सर्वनाम अडखळते. 'द आर्ट ऑफ वॉर' (२००८) हा संग्रह सुन् त्झूच्या युद्धशास्त्रावरील प्राचीन ग्रंथाभोवती गुंफलेला आहे. त्यातील 'घोस्ट डिव्हिजन' हे गीत रोमेलच्या सातव्या पॅन्झर डिव्हिजनच्या १९४० मधील फ्रान्सवरील झडपेविषयी आहे, आणि त्याच्या धृपदात रणगाडेस्वार 'ते' आहेत. गायकाने स्वतःला बाहेर ठेवले आहे. ही सावधगिरी प्रामाणिक आहे, पण पुरेशी नाही, कारण संगीत बाहेर राहत नाही. त्या गीताचा वेग हाच त्याचा अर्थ आहे, आणि वेगाला थांबता येत नाही. त्याच मोहिमेत, ७ जून १९४० रोजी, एरेन या गावी या डिव्हिजनच्या आघाडीपुढे शरण आलेल्या फ्रेंच सैन्यातील गॅबनचे कॅप्टन शार्ल न'चोरेरे यांना, अधिकारी म्हणून वागणूक मागितल्यावर, गोळी घालून ठार करण्यात आले. आफ्रिकी युद्धकैद्यांच्या हत्या त्या उन्हाळ्यात अन्यत्रही झाल्या. गीतात हे नाही. हे मौन हेतुपुरस्सर आहे असे म्हणता येणार नाही. ते रूपाचे मौन आहे.

बँडला याची जाणीव नव्हती असेही नाही. 'कोट ऑफ आर्म्स' (२०१०) या संग्रहात ज्यूंच्या संहाराविषयीचे गीत आहे, आणि 'व्हेरमाख्त' नावाचे दुसरे गीत सामान्य जर्मन सैनिक गुन्हेगार होता की वाट चुकलेला तरुण, असा प्रश्न विचारते. १९९५ मध्ये हॅम्बुर्गच्या समाजसंशोधन संस्थेने भरवलेल्या प्रदर्शनाने 'निष्कलंक सैन्य' ही दंतकथा जर्मनीत मोडीत काढली होती. त्यानंतर पंधरा वर्षांनी हा प्रश्न उघडा सोडणे हे इतिहासाच्या दृष्टीने मागे जाणेच आहे. तरीही प्रश्नार्थक वाक्य या रूपात शिरले, ही घटना लहान नाही. जयघोषाला प्रश्नचिन्ह सहसा सोसत नाही.

सर्वनामाइतकेच महत्त्वाचे दुसरे साधन म्हणजे संख्या. '४०:१' हे गीत सप्टेंबर १९३९ मधील विज्नाच्या लढाईविषयी आहे. कॅप्टन व्वादिस्वाव रागिनिस यांच्या हाताखालील मूठभर पोलिश सैनिकांनी गुडेरियनच्या फौजेला तीन दिवस रोखले आणि अखेरीस रागिनिस यांनी हातबॉम्बने प्राण दिला. या गीताने बँडला पोलंडमध्ये असामान्य लोकप्रियता मिळवून दिली. परंपरेने सांगितले जाणारे आकडे ७२० विरुद्ध ४२,००० असे. प्रत्यक्ष त्या मोर्चांवर चालून गेलेले जर्मन सैन्य याहून पुष्कळ कमी होते, असे पुढील अभ्यासांतून दिसते. गीताला याच्याशी कर्तव्य नाही. तेथे गुणोत्तर हे तथ्य नसून अलंकार आहे. अतिशयोक्तीने गणिताचा वेष घेतला आहे एवढेच. पोवाड्याच्या वाचकाला हे नवे वाटू नये. मात्र शाहीर आपल्या श्रोत्यांना त्यांचाच इतिहास ऐकवतो, आणि फालूनचा गायक पोलिश श्रोत्याला पोलंडचा इतिहास परत करतो, तोही परक्या भाषेत. लहान देशाला आपले स्मरण बाहेरच्याच्या तोंडून ऐकायला मिळाले, यात त्या स्वागताचे रहस्य असावे.

गुणोत्तराच्या या अलंकाराची एक किंमत असते : 'एक'ला चेहरा मिळतो, 'चाळीस'ना मिळत नाही. विज्नाच्या बाबतीत ती कोणाला खुपत नाही, कारण चाळीस हे आक्रमक आहेत. पण 'द लास्ट स्टँड' (२०१६) या शेवटपर्यंत झुंजणाऱ्यांच्या संग्रहात १८७९ चे रोर्क्स ड्रिफ्ट येते. दीडशेच्या आसपास ब्रिटिश सैनिक आणि तीन-चार हजार झुलू. अलंकार तोच, धृपद तसेच बुलंद. पण येथे वेढा घालणारे लोक आपल्याच भूमीवर चालून आलेल्या साम्राज्याशी लढत होते. लढाईनंतर जखमी झुलूंना ठार करण्यात आले, हेही नोंदलेले आहे. वसाहतीच्या इतिहासातून आलेल्या वाचकाला येथे 'आपण' म्हणणे जड जाते, आणि जावे. त्याच संग्रहात १८७७ चे शिरोयामा आहे, १५२७ मध्ये रोममध्ये पोपच्या रक्षणार्थ पडलेले स्विस रक्षक आहेत, स्पार्टा आहे. सारे एका मापाने मोजलेले. युद्धाचे कारण पुसून टाकले की कोणतेही मरण दुसऱ्या कोणत्याही मरणाशेजारी ठेवता येते.

या पार्श्वभूमीवर 'कारोलुस रेक्स' (२०१२) हा संग्रह बँडचा सर्वांत धाडसी आणि माझ्या मते सर्वांत श्रेष्ठ ठरतो. विषय स्वीडनच्या साम्राज्याचा उदय आणि अस्त. गुस्ताव्ह अडॉल्फसपासून बाराव्या कार्लच्या मृत्यूपर्यंत. इतिहासलेखक बेंगट लिल्येग्रेन यांचे साहाय्य घेऊन तो इंग्रजी व स्वीडिश अशा दोन आवृत्त्यांत काढला गेला. येथे 'आम्ही' भाड्याचा राहत नाही. फालूनची तांब्याची खाण १९९२ मध्ये बंद पडली. पण सतराव्या शतकात युरोपच्या तांब्याचा मोठा हिस्सा तीच पुरवीत असे, आणि त्या उत्पन्नावर स्वीडनच्या मोहिमा चालत. ज्या गावात हे तरुण वाढले त्याच गावाच्या जमिनीतून त्या युद्धांचा खर्च निघाला होता. शिवाय बाराव्या कार्लचे नाव स्वीडनमध्ये निर्मळ नाही. तो १७१८ मध्ये ज्या दिवशी गोळी लागून मेला, त्या ३० नोव्हेंबरला स्टॉकहोममधील त्याच्या पुतळ्यापाशी उजव्या टोकाच्या राष्ट्रवाद्यांनी आणि नवनाझींनी मोर्चे काढले. १९९१ मध्ये तेथे दंगल उसळली. त्या राजाविषयी स्वीडिशमध्ये समूहगान रचणे म्हणजे निसरड्या जागी पाय ठेवणे होते.

बँडने यावर काढलेला मार्ग रूपाचा आहे. शीर्षकगीतात 'आम्ही' नाही, 'मी' आहे. १६९७ मध्ये पंधरा वर्षांचा कार्ल मुकुट आधीच मस्तकी घालून राज्याभिषेकास आला, कारण तो मनुष्याने द्यावा हे त्याला मान्य नव्हते. त्या उन्मत्त 'मी'चे हे स्वगत आहे. जयघोषाचे रूप येथे प्रथमच आपल्या आशयाशी जुळते, कारण आशयच अहंकार आहे आणि संगीताची भव्यता त्या अहंकाराचे लक्षण म्हणून ऐकू येते. श्रोता हा 'मी' गातो तेव्हा त्याला एक मुखवटा घालावा लागतो, आणि मुखवटा घातला आहे याचे भान राहू शकते. 'आम्ही'मध्ये ते राहत नाही. पुढे पोल्टावा (१७०९) येते. अखेरीस 'रुइना इंपेरी' हे गीत इंग्रजी आवृत्तीतही स्वीडिशमध्येच ठेवलेले आहे. १७१९ च्या जानेवारीत आर्मफेल्टच्या फौजेने नॉर्वेतून डोंगर ओलांडून माघार घेतली आणि सुमारे तीन हजार सैनिक हिमवादळात गोठून मेले, त्याविषयीचे हे गीत संथ आहे. त्यातला 'आम्ही' मेलेल्यांचा आहे. या 'आम्ही'त शिरावे असे कोणाला वाटणार नाही. तरीही आजवरच्या सर्व 'आम्हीं'पेक्षा तो अधिक खरा आहे. जगभरच्या श्रोत्याला न कळणाऱ्या भाषेत तो ठेवणे, हा निर्णय मला फार समजूतदार वाटतो.

याच वर्षी बँड फुटला. दोन्ही गिटारवादक, ड्रमवादक आणि की-बोर्डवादक बाहेर पडले आणि त्यांनी 'सिव्हिल वॉर' या नावाने वेगळी चूल मांडली. नंतरचा 'हीरोज' (२०१४) संग्रह सुटीसुटी माणसे निवडतो : स्वेच्छेने आउश्वित्झमध्ये शिरलेला विटोल्ड पिलेत्स्की, रात्री उडणाऱ्या सोव्हिएत महिला वैमानिक, इटलीत पडलेले तीन ब्राझिलियन सैनिक. गीते चांगली आहेत, पण प्रश्न पुढे सरकत नाही.

तो सरकतो २०१९ मध्ये, आणि गीतात नव्हे, गीताशेजारी. त्या वर्षी बँडने इतिहास-निवेदक इंडी नायडेल यांच्यासह एकेका गीतामागील घटना उलगडून सांगणारी चित्रफीतमाला सुरू केली. पहिल्या महायुद्धावरील 'द ग्रेट वॉर' हा संग्रहही एका आवृत्तीत प्रत्येक गीताआधी गद्य निवेदन घेऊन आला. गीताला टीप लागली. याकडे विक्रीची क्लृप्ती म्हणून पाहता येईल, पण त्यात एक कबुलीही आहे : कारणे, तारखा, दुसरी बाजू हे सारे जयघोषात मावत नाही, ते गद्याकडे सोपवावे लागते. या संग्रहाचा शेवट जॉन मॅक्रे यांच्या 'इन फ्लँडर्स फील्ड्स' या कवितेच्या केवळ कंठस्वरातील समूहगानाने होतो. ड्रम नाही, गिटार नाही. पॉवर मेटलच्या बँडने पॉवर मेटल थांबवले. २०२२ चा 'द वॉर टू एंड ऑल वॉर्स' हा त्याच युद्धावरील दुसरा संग्रह. त्यात १९१४ च्या नाताळातील उत्स्फूर्त युद्धविराम आहे. मात्र या दोन संग्रहांत, दहा लाखांहून अधिक भारतीयांनी ज्या युद्धात भाग घेतला त्यातील एकाही भारतीय सैनिकाला स्वतःचे असे गीत नाही. गुणोत्तरात तो कोणत्या बाजूस मोजायचा, हे या काव्यशास्त्राला ठरवता आले नसावे.

२०२५ मध्ये आलेल्या संग्रहाचे नाव 'लेजंड्स' आहे. त्यात चंगीझखान, सीझर, हॅनिबल, जोन ऑफ आर्क, नेपोलियन, मियामोतो मुसाशी, आणि इतिहासापेक्षा चिनी कादंबरीमुळे अधिक ओळखला जाणारा लू बू आहेत. विसाव्या शतकातून बँड मागे वळला आहे, जेथे कोणाचे वारस दाद मागायला येत नाहीत. पॉवर मेटल जेथून निघाले होते, ती ड्रॅगन आणि खड्गांची भूमी येथून फार दूर नाही. मंगोल टोळ्यांविषयीच्या गीताला समुदाय आजही तितक्याच जोमाने साथ देतो.